भिंतीचं पोट

थंडी ओसरली, काठचा बर्फ काळवंडून तळ्यात विरघळला आणि वस्तीतली माणसं एकमेकांशी बोलायची बंद झाली.

सीझनच्या तोंडावर सगळ्यांनाच घाई असते, हे सुताराला माहीत होतं. पण यंदाचं गप्प राहणं निराळं होतं. नळावर बादली भरणारी बाई दुसरी कोणी येताना दिसली की अर्धी बादली उचलून चालायला लागायची. लॉजचा आचारी एरवी दिसेल त्याला हाक मारून कालच्या पाहुण्यांच्या नकला करून दाखवायचा. तो आता मान खाली घालून भाजी चिरायचा. होडीवाला तर नमस्कारालाही असं उत्तर द्यायचा, जसं काही कोणी त्याच्याकडे उसनं मागायला आलंय.

जागेची टंचाई सगळ्यांच्याच उरावर बसली होती. तळं बघायला माणसं यायला लागल्यापासून ज्याच्याकडे एक खोली जास्त होती त्याने ती पाहुण्यांना दिली. ज्याच्याकडे नव्हती त्याने पोरांना स्वयंपाकघरात झोपवलं आणि खोली पाहुण्यांना दिली. शाळेच्या बाई पलीकडच्या गावाहून रोज होडीने ये-जा करायच्या, आणि वारा असला की शाळेला सुट्टी. दवाखान्यातली नर्स जागेअभावी नोकरी सोडून गेली. आचारी बंद पडलेल्या टेम्पोत झोपायचा आणि सकाळी पाठ धरून उतरायचा. या सगळ्यात सुताराचं घर म्हणजे नशीबच म्हणायचं. लॉजच्या खालच्या उतारावर दगडी भिंतींची एक खोली, पुढे छप्पर टाकून केलेलं स्वयंपाकघर. मालकाचंच घर, पण कितीतरी वर्षं तो, त्याची बायको आणि बायकोची आई असे तिघं तिथे राहत होते. बायको लॉजवर खोल्या झाडायची, चादरी बदलायची. सासूबाई दिवसभर धक्क्यावर उन्हात बसायच्या आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला नावं ठेवायच्या.

होड्यांच्या जुन्या शेडमध्ये सुताराचं काम चालायचं. एका सकाळी मालकाचा भाचा तिथे आला. मालक आता म्हातारा झाला होता आणि लॉजचा कारभार या भाच्याच्या हातात होता. त्याच्या पायात पांढरे बूट, आणि शेडमधल्या भुशातून चालताना तो पाय असे उचलायचा, जसा काही चिखलच आहे.

"दुमजली पलंग करायचेत," भाचा म्हणाला. "खाली एक, वर एक. लाकूड येतंय आजच्या होडीने. मापं ही घे. आणि हा कोपऱ्याचा फर्मा. तिथे भिंत सरळ नाही, म्हणून कापून आणलाय."

फर्मा म्हणजे जाड पुठ्ठ्याचा तुकडा, एका बाजूने भिंतीच्या आकाराने कापलेला.

"कुठल्या खोलीत बसवायचेत?"

"नवीन खोली आहे."

"नवीन खोलीची भिंत वाकडी कशी?"

भाच्याने त्याच्याकडे बघितलं. "तू सुतार आहेस की गवंडी? मापाप्रमाणे कर."

तो गेल्यावर सुताराने फर्मा हातात घेतला. कापलेल्या कडेवरून त्याने अंगठा फिरवला. खालून वर येताना आधी सरळ, मग हळूच आत गेलेला खोलगटपणा, मग पुन्हा बाहेर, आणि टोकाला एक लहानसा दात. अंगठा तिथे थांबला. हा आकार आपल्या ओळखीचा आहे असं त्याला वाटलं, पण कुठला ते सुचेना. दुपारपर्यंत त्याने लाकूड उतरवून घेतलं, फळ्या निवडल्या, पण डोकं त्या पुठ्ठ्यातच राहिलं. शेवटी त्याने तो गोणपाटात गुंडाळला आणि घरी गेला.

घरी कोणी नव्हतं. खोलीच्या कोपऱ्यात दगडी भिंत पोट सुटल्यासारखी पुढे आली होती. त्या भिंतीला लागूनच तो झोपायचा. हिवाळ्यात ते पोट पाठीला गार लागायचं, म्हणून बायकोने तिथे जुनी पेटी सरकवून ठेवली होती. त्याने पेटी ओढली, गुडघे टेकले आणि फर्मा भिंतीला लावला.

कुठे फट म्हणून राहिली नाही.

टोकाचा दातही बरोबर बसला. एकदा खिळा ठोकताना त्यानेच तिथला दगडाचा टवका उडवला होता.

 भिंतीपासून भिंतीपर्यंत मग त्याने हातांनी अंदाज घेतला. पलंगांची मापं तंतोतंत या खोलीची होती. इथे चूल नाही, पेटी नाही, म्हाताऱ्या बाईची गादी नाही, नुसते पलंग. वर एक पाहुणा, खाली एक पाहुणा.

मग दुसरा विचार आला, आणि तो पहिल्यापेक्षा वाईट होता. हा पुठ्ठा कापायला कोणीतरी घरात आलं होतं. कुलूप तर फोडलेलं नव्हतं. पेटी बाजूला केली होती आणि परत जागेवर सरकवली होती. पेटीवरचं कापड चारी कोपरे सारखे दुमडून पसरलेलं होतं. तशी घडी या घरात एकाच माणसाला जमायची. दिवसभर लॉजच्या चादरी घालून तिच्या हाताला तेच वळण लागलं होतं.

संध्याकाळी त्याने आधी सासूबाईंना विचारलं.

"आई, आपल्या घरी कोणी आलं होतं का? एवढ्यात?"

"माझ्याकडे कोण येतंय, जावईबापू? यमसुद्धा पत्ता विसरलाय."

"तसं नाही. मी नसताना."

"तुम्ही नसताना मी तरी कुठे असते? धक्क्यावर असते. घरात बसून तुमचं छत मोजू?" मग डोळे बारीक करून त्या म्हणाल्या, "का? काय गेलंय?"

"काही नाही."

बायको चुलीपाशी होती. ती वळली नाही. पण तिच्या हातातला डाव भांड्यात थांबलेला त्याने पाहिला.

जेवताना तिने विचारलं, "नवीन काम मिळालं म्हणे."

"तुला कोणी सांगितलं?"

"लॉजवर कळतंच की. पलंगांचं ना? किती दिवस चालेल?"

"बघू."

तिने परत विचारलं नाही. त्या रात्री त्याने भिंतीकडे पाठ केली नाही, तोंड केलं.

दुसऱ्या दिवसापासून तो तिच्यावर नजर ठेवायला लागला. आपण असं काही करू असं त्याला कधी वाटलं नव्हतं, आणि करताना लाजही वाटत होती. शेडच्या फळ्यांच्या फटीतून लॉजचं मागचं अंगण दिसायचं. ती बादल्या घेऊन जायची, गाद्या उन्हात टाकायची, झटकायची. सगळं नेहमीसारखंच. पण संध्याकाळी घरी येण्याआधी ती कपडे धुण्याच्या खोलीमागे वळली. त्याने रंधा खाली ठेवला आणि उलट्या घातलेल्या होड्यांच्या आडून मागे गेला.

तिथे एक कोठी होती. तिचं दार भाच्याने उघडून धरलं होतं. ती आत गेली. थोड्या वेळाने बाहेर आली, पदराने हात पुसले आणि भाच्याला काहीतरी म्हणाली. भाचा हसला. तीही हसली, तोंडातल्या तोंडात. मग भाच्याने ओठांवर बोट ठेवलं.

 सुतार परत शेडमध्ये आला आणि सरळ कामाला लागला. दुसरं करण्यासारखं काही त्याला सुचलंच नाही. राग आला की त्याचे हात चालायचे. त्याने फळ्या रंधल्या, चौकटी जुळवल्या, खुंट्या ठोकल्या. सकाळी उजाडता उजाडता येऊन बसायचा, दुपारी जेवायला घरी जायचा नाही. खांदे भरून आले, तळहातावरचे फोड फुटून चिकटले. एक पलंग उभा राहिला, दुसरा राहिला. भाचा येऊन बघून गेला आणि पहिल्यांदाच म्हणाला, "वा!" त्या 'वा'मुळे सुताराला जास्तच चेव आला. घरात बोलणं तुटलं होतं. ती रोज एकदा विचारायची, "किती राहिलं?" आणि त्याच्या मनात यायचं, हिला एवढी कसली घाई? कुणासाठी?

चार-पाच दिवस असे गेल्यावर एका दुपारी ती डबा घेऊन शेडमध्ये आली. दारातच उभी राहिली. शेडच्या लांबीभर पलंग उभे होते, पांढऱ्या लाकडाचे, स्वच्छ. फक्त कोपऱ्यातला, फर्म्याचा, बाकी होता.

तिच्या हातातला डबा कलंडायला आला. "एवढं सगळं झालं?"

"झालं. खूश?"

"हात आवरता येत नाहीत का हो तुम्हाला?" ती एकदम किंचाळलीच. मग फळ्यांच्या ढिगावर बसली आणि तोंडावर पदर दाबून घेतला. "एरवी एका स्टुलाला पंधरवडा लावता. आणि आताच कुठून संचारलं अंगात?"

सुतार गोंधळला. त्याने रागाला धरून ठेवायचा प्रयत्न केला. "मला सगळं ठाऊक आहे. फर्मा मी भिंतीला लावून बघितलाय. दार तूच उघडलंस त्यांना."

"हो. मीच उघडलं."

"आणि कोठीत काय चाललं होतं? मी डोळ्यांनी पाहिलंय."

"तुम्ही मागे उभे होतात ते मला कळलं होतं. तुमची चप्पल वाजते." तिने डोळे पुसले. "कोठीत काय चालणार? जागा बघत होते. आपल्याला राहायला."

मग तिने सांगितलं. भाच्याने तिला लॉजच्या जिन्यात गाठलं होतं. खालचं घर यंदा पाहुण्यांना द्यायचं ठरलंय, म्हणाला. दार उघडून देतेस की मी माझ्या किल्लीने उघडू? तिने दार उघडून दिलं, कारण तो शिरला असता तर म्हातारीची गादीसुद्धा तुडवत गेला असता. पण उघडून देताना तिने दोन गोष्टी मागून घेतल्या. पलंगांचं काम माझ्या नवऱ्याला द्या, आणि ते पुरं होईपर्यंत आम्हाला हलवू नका. तो हो म्हणाला. वर म्हणाला, पुढे ती कोठी तुम्हाला देतो, पण यातलं कोणाजवळ बोललीस तर कोठी गेली. नवऱ्याजवळही नाही.

"आणि तू गप्प बसलीस."

"सांगितलं असतं तर तुम्ही त्याच दिवशी हातोडी घेऊन वर गेला असतात. काम गेलं असतं, घर गेलं असतं, कोठीही गेली असती." ती पलंगांकडे बघत राहिली. "मला वाटलं, तुमच्या चालीने हे काम सीझनभर पुरेल. पलंग होत नाहीत तोवर घर आपलं. आणि तुम्ही असे सुटलात!"

सुतार खाली बसला. आपण आपल्याच घरातून बाहेर पडायची घाई करत होतो, तेही रागाने, फोड आलेल्या हातांनी. त्याला हसू येईना की रडू येईना.

"मला वाटलं..." तो म्हणाला आणि थांबला.

"काय वाटलं ते कळलं मला," ती म्हणाली. "ते तुमच्याजवळच ठेवा."

तिने डबा त्याच्यापुढे सरकवला आणि निघून गेली.

त्या दिवसापासून सुताराचा रंधा बोथट झाला. कोपऱ्यातल्या पलंगाची एक फळी त्याने घासली, उलटी केली, परत घासली. खुंटी बसवली, काढली, लाकूड ओलं आहे म्हणून उन्हात ठेवलं. सासूबाई शेडमध्ये येऊन बसायला लागल्या. आता त्यांनाही सगळं सांगितलं होतं. "जावईबापू, फळी आहे, नवरी नाही," त्या म्हणायच्या. "किती सजवाल?" पण भाचा येताना दिसला की त्याच मोठ्याने ओरडायच्या, "अहो, नीट करा! पाहुणे पडले वरून तर?"

भाच्याला संशय यायला वेळ लागला नाही. तो दिवसातून दोनदा यायला लागला. फळी उचलून बघायचा, सुताराच्या तोंडाकडे बघायचा.

"परवा पहिली होडी येतेय पाहुण्यांची."

"लाकूड हटून बसलंय. मी काय करू?"

"लाकूड हटलंय की तू?"

सुताराने फळी पुन्हा उलटी केली.

संध्याकाळच्या होडीने भाच्याने पलीकडच्या गावाहून दुसरा सुतार आणला. वयाने बराच मोठा, हडकुळा माणूस, खांद्यावर हत्यारांची पिशवी. बरोबर एक वळकटी. वारा सुटला होता आणि परतीची होडी आता सकाळीच. दिवेलागणीला भाचा त्याला घेऊन सुताराच्या दारात उभा राहिला. पांढऱ्या बुटांना चिखल लागला होता.

"एक काम होतं," भाचा म्हणाला, आणि त्याचा आवाज पहिल्यांदाच खाली आला. "यांना आजची रात्र तुमच्याकडे झोपू दे. लॉज परवासाठी झाडून ठेवलंय, तिथे नको. वस्तीत दुसरीकडे कुठे जागाच नाही."

 सासूबाई म्हणाल्या, "जागा नाही? अगंबाई! गेली कुठे सगळी?"

भाच्याने ऐकलं न ऐकल्यासारखं केलं आणि उतारावरून वर निघून गेला. म्हातारा सुतार दारातच उभा राहिला. त्याच्या लक्षात आलं होतं की आपण कोणाच्या तरी पायावर पाय दिलाय, फक्त कोणाच्या ते कळत नव्हतं. सुताराच्या मनात आलं, याला आत घ्यायचं म्हणजे आपलंच घर रिकामं करणाऱ्याला अंथरूण घालून द्यायचं. सुताराने बायकोकडे बघितलं. वाऱ्याने म्हाताऱ्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

"आत या, काका," ती म्हणाली. "दार उघडं राहिलं तर चूल विझेल."

चौघं जेवायला बसले. सासूबाई पाहुण्याचा घासन्‌घास मोजत होत्या. सुतार त्याच्या पिशवीतली हत्यारं डोळ्यांनी चाचपत होता. हत्यारं चांगली होती, धार लावलेली. हा माणूस कोपऱ्याचा पलंग दीड दिवसात उभा करील.

"एवढ्याशा कामासाठी वळकटी घेऊन आलात, काका?" त्याने विचारलं.

म्हातारा घोटाळला. "तसं बोलू नका म्हणून सांगितलंय मला."

"मग राहू द्या."

पण जेवण गरम होतं आणि म्हातारा मनाचा कच्चा होता. "तुमचं मीठ खाल्लंय, म्हणून सांगतो. आमच्याकडेही हेच झालंय, घर काढून घेतलं. मुलाकडे जागा नाही. हे काम पुरं केलं की राहायला जागा देतो म्हणाले. लहान आहे, पण कोरडी आहे. कपडे धुण्याच्या खोलीमागची कोठी."



सगळ्यात आधी सासूबाई हसल्या. पोट धरून, खोकला येईपर्यंत हसल्या. म्हातारा कावराबावरा होऊन एकेकाकडे बघत होता.

"काका," बायको सावकाश म्हणाली, "ती कोठी त्याने मला दिलीय."

ती उठली, हात धुतले आणि तशीच आचाऱ्याच्या टेम्पोकडे गेली. परत आली ती दमलेली, पण वेगळ्याच चालीने. "आचाऱ्यालाही दिलीय," ती म्हणाली. "मी कोठीचं नाव काढलं तर तो शपथा घ्यायला लागला की मी काही बोललो नाही कोणाला. आणि होडीवाल्याला तर पानगळीपासून दिलीय. दोघं बसले होते टेम्पोत, एकमेकांकडे बघत."

सुताराला नळावरची अर्धी बादली आठवली, होडीवाल्याचं तुटक उत्तर आठवलं. सगळी वस्ती एकाच कोठीवर डोळा ठेवून बसली होती, आणि प्रत्येकाला वाटत होतं की शेजारी ती हिसकावून घेईल.

म्हाताऱ्याने ताट बाजूला सारलं. खोलीभर नजर फिरवली. कोपऱ्यातल्या भिंतीपाशी ती अडखळली. होडीतून उतरल्या उतरल्याच शेडमध्ये त्याने फर्मा हाताळला होता.

"ही का ती खोली?" त्याने विचारलं.

"हीच," सुतार म्हणाला.

पहिली होडी आली त्या दिवशी ऊन स्वच्छ पडलं होतं. मालक स्वतः काठी टेकत धक्क्यावर आला. पहिल्या पाहुण्यांना तो नेहमी स्वतः घ्यायला यायचा आणि प्रत्येकाला म्हणायचा, आपलंच घर समजा. होडी लागली. होडीवाल्याने दोर बांधला, पण सामान उतरवलं नाही. आपली वळकटी काखेत मारली आणि तो वर चालायला लागला. पाहुणे बॅगा सांभाळत त्याच्या मागे निघाले. त्यांना वाटलं, वाट हीच असेल. मालकही निघाला.

वाट कोठीपाशी आली. कोठीच्या पायरीवर सुताराची बायको भांड्यांचं पोतं घेऊन बसली होती. शेजारी सासूबाई गादीवर. आचारी पळ्या-झाऱ्यांचं बोचकं घेऊन उभा होता आणि लॉजची चूल थंड होती. म्हातारा सुतार हत्यारांच्या पिशवीवर बसला होता, आणि आपला सुतार दाराला टेकून. होडीवाल्याने आपली वळकटी त्यांच्यात नेऊन ठेवली.

भाचा धावत आला. "हे काय चाललंय?"

"राहायला आलोय," बायको म्हणाली. आवाज अगदी साधा, कामाला आल्यासारखा. "तुम्ही कोठी दिलीत ना मला? किल्ली द्या."

"मलाही दिलीत," आचारी म्हणाला.

"मला सगळ्यांच्या आधी," होडीवाला म्हणाला.

म्हाताऱ्याने नुसता हात वर केला.

पाहुण्यांतली एक बाई दुसरीला हळूच म्हणाली, "यांना राहायला जागा नाही का?" ते मालकाने ऐकलं. त्याच्या मानेवर लाली चढली. त्याने आधी भाच्याकडे बघितलं, मग कोठीच्या बसक्या दाराकडे, जणू काही आयुष्यात पहिल्यांदाच बघतोय. सुताराला त्याच्या डोळ्यांत दया दिसली नाही. लोकांसमोर उघडं पडल्याचा संताप दिसला. पण तोही त्या वेळी उपयोगाचा होता.

"पलंग कुठे आहेत?" मालकाने विचारलं.

"शेडमध्ये," सुतार म्हणाला. "एक सोडून सगळे तयार आहेत."

"जेवणघरामागचा हॉल रिकामा करा. पलंग तिथे लावा. आचारी, होडीवाला, हे काका, सगळे तिथे झोपतील." मग आवाज खाली आणून तो सुताराला म्हणाला, "खालचं घर यंदा राहू दे तुमच्याकडे. सीझन संपला की बोलू."

"काय बोलायचं?" सुताराने विचारलं.

"ते तेव्हा." मालक पाहुण्यांकडे वळला आणि हसला. "या, या. आपलंच घर समजा."

दोघा सुतारांनी मिळून पलंग हॉलमध्ये लावले. आचाऱ्याने दुपारचं जेवण उशिरा वाढलं आणि कितीतरी दिवसांनी पाहुण्यांच्या नकला केल्या. त्यात भाच्याचीही केली, पाय उचलून चालण्याची. सगळे हसले. पण भाचा खिडकीत उभा राहून कोण कोण हसतंय ते बघत होता, हे सुताराने पाहिलं, आणि त्याचं हसू मध्येच थांबलं.

घरी आल्यावर त्याने भांड्यांचं पोतं खाली ठेवलं. सासूबाई गादी पसरून आडव्या झाल्या. बायको पोत्याची गाठ सोडायला लागली. गाठ घट्ट बसली होती, म्हणून तो मदतीला वाकला. कितीतरी दिवसांनी दोघांचे हात इतके जवळ आले होते.

"पुढच्या वेळी मला सांगत जा," तो म्हणाला. "काय व्हायचं ते होऊ दे. पण सांग."

तिची बोटं थांबली.

"पुढच्या वेळी," ती म्हणाली. "म्हणजे हे पुन्हा होणार, हे तुम्हालाही कळलंय."

त्याने मान हलवली. धक्क्यावर दुसऱ्या होडीचा भोंगा वाजला. ती उठली, पदर खोचला, आणि खोल्यांच्या चादरी बदलायला वर गेली. तो गाठ सोडत राहिला.